मामांच्या गोंधळाचा अल्बम करतोय: क्लिकवर गाऊन घ्यावं की नको?

कवडीमाळ

नमस्कार मंडळी,

इथं स्टुडिओत बसणारे बरेच आहेत आणि नुसते कानसेनही बरेच. दोघांचीही मतं हवी आहेत. पोस्ट लांबलीय, सांभाळून घ्या.

माझे मामा गोंधळी. कदमराई, म्हणजे तुळजाभवानीचे. बार्शी ते तुळजापूर या पट्ट्यात लग्नसराईत ते एक रात्र घरी सापडत नाहीत. वय त्रेसष्ट, आवाज अजून काळी चारला (पेटीच्या उंच पट्टीत) खणखणीत. पण आजवर कुणीतरी मोबाइल वर धरून काढलेले व्हिडिओ सोडले तर त्यांचं काहीही नीट रेकॉर्ड झालेलं नाही. त्यातल्या निम्म्या व्हिडिओंत आवाज कमी आणि जनरेटर जास्त. यंदा माझी भिशी लागली. म्हटलं, सोनं राहू दे, मामांचा अल्बम करू. सहा ट्रॅक ठरले: गण, देवांना आवतण, दोन पदं, एक आख्यान (रात्रभराचं अठरा मिनिटांत कोंबलंय, त्यावर मामा अजून फुगून आहेत) आणि आरती.

मागच्या रविवारी पुण्यातल्या एका छोट्या स्टुडिओत पहिलं सेशन झालं. अरेंजर (वाद्यांची मांडणी करणारा) ओळखीतलाच, हुशार मुलगा आहे, जाहिरातींची कामं करतो. त्याची पद्धत अशी: आधी कीबोर्डवर ट्रॅक बांधायचा, १०४ च्या क्लिकवर (म्हणजे हेडफोनमध्ये मिनिटाला १०४ ठोके, टिक-टिक). मग मामांनी एकट्यानं बूथमध्ये गायचं. संबळ पुढच्या आठवड्यात, झीलकरी (मागून सूर धरणारे) त्याच्या पुढच्या आठवड्यात. आणि तुणतुणं? "ते सॅम्पलमधून घेऊ ताई, एकच तर स्वर आहे."

मामांनी क्लिकवर उत्तम गायलं, हे आधी सांगते. लोकांना वाटतं खेड्यातला माणूस हेडफोन बघून बुजेल. मामांनी एक कान मोकळा ठेवला, पागोटं मागं सरकवलं आणि दोन टेकमध्ये गण संपवला. ताल सुटला नाही, शब्द चुकला नाही. अरेंजरनं काचेमागून अंगठा दाखवला.

पण मी त्यांना लहानपणापासून बघतेय. एरवी प्रत्येक कडव्याच्या शेवटी ते मान वळवून संबळवाल्याकडं बघतात. ती मान वळली की ठेका एक दात पुढं सरकतो. तसं चार-पाच वेळा झालं की अंगणातल्या बायका मांडी बदलून बसतात, कारण आता काहीतरी होणार हे त्यांना कळतं. परवा मामांची मान प्रत्येक वेळी वळली. तिकडं काच होती आणि काचेत ते स्वतःच होते. ठेका जिथल्या तिथं, १०४.

आणि मग आवतण. सगळ्या देवांना बोलावून झाल्यावर मामा हात वर करून ओरडले, "बोला, आई राजा उदो उदो!" आणि सगळं शांत. आम्ही चौघं काचेच्या अलीकडं. कुणी बोलायचं? मामांचा हात तसाच वर राहिला. मग त्यांनी हळूच खाली घेतला आणि विचारलं, "घेतलं का रं?" अरेंजर म्हणाला, घेतलं काका, गर्दीचा आवाज नंतर टाकतो. त्याच्याकडं गर्दी तयार होती, फाइलमध्ये. ऐकवली पण. क्रिकेटच्या मॅचला असते तशी.

आवाजालाही 'थोडं ट्यूनिंग' मारलंय, म्हणजे मशिननं सूर सरळ केलेत. 'गोंधळाला ये' मधल्या 'ये'वर मामा जी हरकत घेतात ती आता इस्त्री फिरवल्यासारखी सपाट आहे. शिवाय अरेंजरचं म्हणणं की आवतणात इतके देव नकोत. तुळजापूर, माहूर, कोल्हापूर, जेजुरी एवढे पुरे, बाकीचे ऐकणारा पुढं ढकलेल. मामा म्हणाले, "ज्याला बोलवलं न्हाई त्यो रुसतो. मग तू बघून घे त्याच्याकडं."

इथवर वाचून तुम्हाला वाटेल प्रश्न सरळ आहे. नाही. घोळ असा की मामांना ट्रॅक आवडलाय! घरी येताना गाडीत चार वेळा लावला. सुरुवातीला कीबोर्डचा एक वारा सुटल्यासारखा आवाज आहे, त्यावर तर ते खूष आहेत. "ते झुईंग करतंय ते ठेव हां." मी म्हटलं, मामा, तुमचं तुणतुणं गेलं त्यातनं. तर म्हणतात, "तुणतुणं काय, रोजच हाय. हे कवा मिळायचं?"

तर क्लिक ठेवू का काढू? सगळ्यांना एकत्र बसवून रेकॉर्ड करता येतं का, की त्यात नुसता गोंधळ होतो (हो, विनोद समजला)? आणि मुख्य म्हणजे मामांना आवडलेलं मी बदलायला जावं का? पैसे माझे असले तरी गाणं त्यांचं आहे.

पांढरी चार

कीबोर्ड हाकला. अरेंजरही हाकला. लोकसंगीतात सिंथ ऐकला की मला पुरणपोळीवर केचप घातल्यासारखं होतं. लोकशाहीर विठ्ठल उमपांचा आवाज आठवा, त्याला कुठल्या वाऱ्याची गरज होती का? परभणीचे राजारामबापू कदम आख्यान लावायचे तेव्हा संबळ, तुणतुणं, झांज एवढ्यावर रात्र काढायचे. तुमच्या मामांना 'हे चांगलं' असं कुणीतरी सांगितलंय म्हणून त्यांना ते चांगलं वाटतंय. तुम्ही ठाम राहा.

आगाऊ कार्टं

पांढरी चार, तुम्ही त्रेसष्ट वर्षांच्या कलावंताला त्याची आवड त्याची नाही असं सांगताय. वा.

बाकी अरेंजर अगदीच चुकत नाही. स्पॉटिफायवर तीस सेकंद वाजलं तरच ते ऐकलं म्हणून मोजतात. त्यामुळे पहिल्या तीस सेकंदांत आवाज आलाच पाहिजे असं हल्ली सगळ्यांच्या डोक्यात बसलंय. तुमचा गण दीड मिनिट नुसत्या संबळावर चालत असेल तर… तर मला आवडेल, पण मी एकटाच असेन.

फेडरवाला

ताई, पंधरा वर्षं हेच काम करतोय, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

क्लिक वाईट नसतो. क्लिक अरेंजरच्या सोयीसाठी असतो. वेगवेगळ्या दिवशी वेगवेगळ्या लोकांनी वाजवलेलं एकमेकांवर बसावं म्हणून. तुमच्याकडं सगळे एकाच दिवशी येऊ शकत असतील तर क्लिकचं कामच संपलं. मामा आणि संबळवाले एकमेकांना क्लिकपेक्षा जास्त चांगले ओळखतात.

कीबोर्ड नंतर टाकायचा असेल तर तोही टाकता येतो. आधी सगळ्यांना मोकळं वाजवू द्या. ठेका ९६ ला सुरू होऊन १३० ला संपला तरी हरकत नाही. मग सॉफ्टवेअरमध्ये त्या वाजवण्याचा टेम्पो मॅप काढायचा, म्हणजे प्रत्येक मात्रेवर खूण करायची आणि मशिनला माणसाच्या मागं चालायला लावायचं. अठरा मिनिटांच्या आख्यानाला हे करताना डोळे जातात, म्हणून अरेंजर टाळतात. पण होतं. मामांचं झुईंग शाबूत राहील.

आता एकत्र बसवण्याचं. संबळ प्रचंड वाजतो. काडीचा फटका छोट्या भांड्यावर पडला की मीटर उडी मारतो. त्यामुळं लेव्हल कमी ठेवा. सगळ्यात मोठा फटकाही मीटरवर उणे बारा डेसिबलच्या आसपास राहिला तरी चालेल, २४ बिटवर घेताय तर आवाज कुठं जात नाही. मामांचा माइक एका बाजूनं ऐकणारा म्हणजे कार्डिऑइड लावा आणि त्याची पाठ बरोब्बर संबळाकडं. दोन माइकमधलं अंतर प्रत्येक माइक आणि त्याच्या वादकामधल्या अंतराच्या किमान तिप्पट ठेवा. मामा माइकपासून वीतभर असतील तर पुढचा माइक तीन वितींच्या आत नको. एवढं केलं तरी संबळ मामांच्या माइकमध्ये शिरणारच. शिरू दे. अंगणात तो तसाच तर ऐकू येतो.

पण याची किंमत आहे, ती आधी ऐका. आवाजात संबळ मिसळला की 'थोडं ट्यूनिंग' मारता येत नाही, संबळही वेडावाकडा होतो. एक सूर घसरला तर अख्खा टेक परत. झीलकऱ्याला मधेच खोकला आला, अख्खा टेक परत. अठरा मिनिटांचं आख्यान तीनदा पूर्ण गायची मामांची तयारी आहे का?

तुणतुण्याबद्दल. "एकच तर स्वर आहे" म्हणणाऱ्यानं ते कधी हातात धरलेलं नाही. तार वाजते, खालचं कातडं वाजतं आणि नखीचा फटका वेगळा वाजतो. शिवाय ते सतत किंचित हलत असतं, हाताच्या दाबानं. सॅम्पलमध्ये एकच फटका हजार वेळा येतो, पाचव्या मिनिटाला कान किटतो. माइक मात्र कातड्याच्या समोर नको, जरा तिरका धरा, नाहीतर टणटण डोक्यात जाते.

आणि एसी! कातड्याची वाद्यं घेऊन बाहेरच्या दमट हवेतून थंड कोरड्या खोलीत गेलात की कातडं ताणतं आणि सूर चढतो. अर्धा तास आधी वाद्यं आत नेऊन ठेवा. मी एकदा हे विसरलो होतो. पहिलं गाणं आणि चौथं गाणं यांत जवळजवळ अर्ध्या सुराचा फरक.

कवडीमाळ

फेडरवाला, दंडवत घ्या. मामांना तीनदा गायचं विचारलं. म्हणाले, "तीनदा म्हंजे पाऊण-एक तास. आन् मग रात्रभर काय करायचं?"

एसीचं वाचून उलगडा झाला. परवा मामा सारखे म्हणत होते, "हितं माझा आवाज खाली का वाटतोय?" आवाज खाली नव्हता, घरून सवयीनं काखोटीला मारून आणलेलं तुणतुणं बाहेरच्या खुर्चीवर होतं आणि आतल्या कीबोर्डची काळी चार त्याच्याशी जुळत नव्हती. ते मनातल्या मनात तुणतुण्याला धरून गात होते.

कलमबहाद्दर

सगळे सुरांवर बोलताहेत, मी कागदांवर बोलतो. नीरस आहे, पण नंतर रडण्यापेक्षा बरं.

पारंपरिक गणावर, आरतीवर कुणाचाही हक्क नाही. पण या रेकॉर्डिंगवर आहे. आपल्या कॉपीराइट कायद्यात (१९५७ चा) ध्वनिमुद्रणाचा मालक निर्माता असतो आणि निर्माता म्हणजे ज्यानं पुढाकार घेतला, जबाबदारी उचलली तो. इथं तुम्ही किंवा मामा. मुद्रणावरचा हक्क प्रसिद्धीनंतर ६० वर्षं. गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांचा स्वतःचा वेगळा हक्क असतो, कलम ३८, तो ५० वर्षं. म्हणजे संबळवाल्यांचाही. त्यांना बिदागी देऊन विषय संपला असं समजू नका. साध्या कागदावर का होईना, कुणाला किती आणि कशाबद्दल हे लिहून सह्या घ्या. अरेंजरशी तर नक्कीच. "संगीत: अमुक" असं त्याचं नाव टाकलं तर पुढं चालीवर त्याचा दावा असल्यासारखं दिसतं. "संगीत संयोजन" लिहा. एका शब्दाचा फरक आहे, पण तो महत्त्वाचा.

दुसरं, आख्यानात मामांनी स्वतः रचलेली कडवी आहेत का? बहुतेक असतीलच. तेवढ्यांपुरतं "रचना" म्हणून मामांचं नाव द्या. सरसकट 'पारंपरिक' लिहून टाकलं की जे त्यांचं आहे तेही सगळ्यांचं होतं.

तिसरं, गर्दीचा आवाज, वारा, ढोल असले तयार तुकडे हजार जण वापरतात. त्यातल्या एकानं स्वतःचं गाणं यूट्यूबच्या कंटेंट आयडीत (कुणाचं गाणं कुठं वाजलं ते आपोआप ओळखणारी यंत्रणा) नोंदवलं असेल तर दावा तुमच्या व्हिडिओवर येऊ शकतो. माझ्या ओळखीतल्या एका भजनी मंडळाला स्वतःच्याच काकडआरतीवर दावा आला. कारण काय, तर सुरुवातीची आठ सेकंदांची बासरी. ती सोडवता सोडवता आषाढी गेली.

संबळवाल्याचा पोरगा

हँडलवरून कळलंच असेल. मी स्वतः वाजवत नाही, आयटीत आहे. वडील चाळीस वर्षं वाजवायचे.

पांढरी चार यांना एक गोष्ट सांगायची आहे. नव्वदच्या दशकात वडिलांच्या संचाची कॅसेट निघाली. कंपनीनं एकरकमी पैसे दिले, ते सात जणांत वाटले, वर पन्नास कॅसेट दिल्या. हिशेब तिथंच संपला, त्याबद्दल घरात अजून शिव्या निघतात. त्या कॅसेटमध्ये ऑक्टोपॅड (काड्यांनी वाजवायचं इलेक्ट्रॉनिक तालवाद्य) आहे. भयंकर आहे. टूंई टूंई. मी कॉलेजात असताना लाजायचो. पण जत्रेत ती दुकानांवर वाजली आणि पुढची सात-आठ वर्षं ज्या सुपाऱ्या आल्या त्या "ती टूंई टूंईवाली पार्टी" म्हणून आल्या. माझी फी त्यातून भरली गेली. गोंधळी अल्बम काढतो तो जतन करायला नाही, लोकांनी बोलवावं म्हणून काढतो. तुमच्या मामांना हे तुमच्यापेक्षा चांगलं कळतंय असं मला वाटतं.

दुसरी गंमत. कॅसेटची एक बाजू तीस मिनिटांची. आख्यान मावलं नाही, म्हणून राजा जंगलात शिरला तिथं ए बाजू संपवली. पुढं काय झालं माहीत आहे? वडिलांचा संच प्रत्यक्ष गोंधळातही त्याच ठिकाणी थांबायला लागला. आधी तिथं कधीच थांबत नव्हते. राजा जंगलात गेला की चहा. यजमानही तयार असायचे, कारण त्यांनीही कॅसेट ऐकलेली. म्हणून ते अठरा मिनिटांचं आख्यान कुठं कापताय ते नीट बघा. चार वर्षांनी मामा अंगणातही तिथंच कापतील.

पण क्लिकपेक्षा मला वेगळाच प्रश्न पडलाय. आवतणात सगळ्या देवांना बोलावून झालं की यजमानाच्या कुलदैवताला बोलावतात, घराण्याचं नाव घेतात. ते कुणाचं घेतलं परवा? स्टुडिओत यजमान कोण होता?

आगाऊ कार्टं

अरे बापरे. हा प्रश्न सिक्सर आहे.

पांढरी चार

ऑक्टोपॅडनं फी भरली म्हणून ऑक्टोपॅड सुरेल होत नाही. पण मुद्दा पोचला. 'हाकला' मागे घेतो. अरेंजरला बसू द्या, कीबोर्डचा आवाज खाली ठेवा.

यजमानाच्या जागी भिशीवाल्या भाचीचं कुलदैवत घ्या की. पैसे तिचे, यजमान ती.

कवडीमाळ

पोरगा, तुमचा प्रश्न वाचून मी परवाचं रेकॉर्डिंग परत लावलं. मामांनी तिथं कुणाचंच नाव घेतलेलं नाही. 'पंढरीच्या विठोबा गोंधळाला ये' झालं, एक श्वास घेतला आणि थेट उदो. त्या श्वासात ते अडखळलेत, आता कळतंय. मला वाटलं होतं दमले.

फोन केला. म्हटलं, मामा, तिथं आमच्या सासरचं दैवत घ्या हवं तर. बराच वेळ गप्प. मग म्हणाले, "तुझं घेतलं तर बाकीच्यानं ऐकताना काय करायचं? शेजारच्याच्या गोंधळाला गेल्यासारखं व्हईल." बघू म्हणाले. रविवारी दुसरं सेशन आहे. सगळा संच येतोय, पाच माणसं, एक जीप. अरेंजरला फेडरवाल्यांचा प्रतिसाद जसाच्या तसा पाठवलाय. त्यानं फक्त "टेम्पो मॅप??" असं लिहून रडका चेहरा टाकलाय.

फेडरवाला

त्याला म्हणावं, मलाही पहिल्यांदा रडू आलं होतं. आणि काचेमागं बसू नका. रेकॉर्डिस्ट सोडून सगळे आत, भिंतीला टेकून, मोबाइल बंद. माणसं खोलीत असली की आवाज थोडा मऊही होतो, कपडे-अंगं प्रतिध्वनी पितात. गोधड्या टांगण्यापेक्षा बायकामाणसं बसवा.

कवडीमाळ

झालं एकदाचं सेशन. खूप जणांनी व्यनि (व्यक्तिगत निरोप) करून विचारलं म्हणून इथंच लिहिते.

वाद्यं अर्धा तास आधी आत ठेवली. संबळवाले काका जीपमध्ये मान अवघडून आलेले. त्यांनी संबळ कमरेला बांधला, एक काडी मारली आणि अरेंजरच्या लॅपटॉपवरचा मीटर लाल. तो खुर्चीतून उठलाच. मग लेव्हल पार खाली आणली. मामांच्या माइकची पाठ संबळाकडं केली, पण मामांना संबळवाल्यांचं तोंड दिसेल असं उभं केलं. यातच एक तास गेला. तासाचे आठशे, म्हणून माझं लक्ष घड्याळाकडं. मामांचं अजिबात नाही.

गण पहिल्याच टेकला. आख्यान तिसऱ्याला, दुसऱ्या टेकमध्ये चौदाव्या मिनिटाला झीलकऱ्याला शिंक आली. शिंकही सुरात होती असं सगळ्यांचं मत पडलं, तरी परत घेतलं. राजा जंगलात जातो तिथं कापलेलं नाही. पोरगा, तुमच्यामुळं. राणीला स्वप्न पडतं तिथं कापलंय. पुढं चहा तिथं होणार असेल तर होऊ दे, स्वप्न आहे, थांबेल.

आवतणाला मात्र गडबड. जागा कमी, म्हणून मी आणि मामी तेवढ्या आत बसलो, अरेंजर आणि रेकॉर्डिस्ट मुलगा बाहेर. देव कापले नाहीत, सगळे घेतले, मोजले तर एकवीस. पंढरपूर झालं आणि मामा थांबले. नुसता संबळ चालू. मला वाटलं विसरले. तुणतुणं चालू, संबळ चालू, मामा डोळे मिटून उभे, ओठ हलत नाहीत. मी मामीकडं बघितलं तर मामी पुटपुटत होती, तिच्या माहेरचं दैवत. मग माझ्याही तोंडून आमचं आपसूक आलं, मनातल्या मनात. आठ आवर्तनं गेली असतील. मग मामांनी डोळे उघडले, मान वळवली, ठेका पुढं सरकला आणि, "बोला, आई राजा उदो उदो!"

आम्ही दोघी ओरडलो, झीलकरी ओरडले आणि वरून स्पीकरमधून फटकन आवाज आला, "उदो उदो!" रेकॉर्डिस्टनं बाहेरून टॉकबॅकचं बटण दाबून ओरडलं होतं. मुलगा नांदेडकडचा. नंतर कानाला हात लावून माफी मागत होता, म्हणाला तोंडातून निघून गेलं. टेकमध्ये ते आलंय, स्पीकरचं खरखरीत, बाकीच्यांपेक्षा पाव सेकंद उशिरा.

अरेंजर म्हणाला तेवढं पुसता येईल का बघतो, पण सगळ्या माइकमध्ये शिरलंय. आणि त्या रिकाम्या आठ आवर्तनांवर बासरीचा छोटासा तुकडा फार छान बसेल असं त्याचं म्हणणं. मामांनी विचारलं, "कुठं? जिथं मी गप हाय तिथं?" तो म्हणाला हो. मामा म्हणाले, "तिथं काय टाकू नको. ज्याचं त्यानं घ्यायचंय तिथं. तुझं झुईंग पुढं घाल पायजे तेवढं."

तर झुईंग गणात आहे, सुरुवातीचे वीस सेकंद, आणि आरतीतही थोडं. पांढरी चार, तेवढं सोसा. टेम्पो मॅप अरेंजर काढतोय, गण ९८ वरून १२६ वर गेलाय असं त्यानं काल कळवलं, या वेळी रडका चेहरा नव्हता. कागदावर सातही जणांच्या सह्या झाल्या. संबळवाल्या काकांनी सही करताना विचारलं, यात पन्नास वर्षं लिहिलंय, तोवर कोण बघायला राहतंय. कलमबहाद्दर, नातवंडं वारस लागतात का ते जरा सांगा.

रेकॉर्डिस्टचं 'उदो' ठेवलंय. आता प्रश्न मुखपृष्ठाचा. मामांना स्वतःचा फोटो नको, दिवटीचा हवाय. अरेंजर म्हणतो चेहरा नसेल तर कुणी दाबणार नाही. कुणाकडं अंधारात दिवटीचा फोटो कसा काढायचा याची माहिती असेल तर सांगा, माझ्या मोबाइलवर नुसता पिवळा गोळा येतोय.